दोन भावांनी तूर्त न बोलण्याबाबतचा ठराव

चित्रपट हा समाजाचा आरसा असतो, याबद्दल आता दुमत उरलेलं नाही. तक्रार असलीच तर ती आरशाबद्दल नसून समाजाबद्दल आहे. आरसा आपलं काम चोख करतो. समाज ऐन वेळी हलतो आणि बोल मात्र आरशाला लागतो. समोर उभं राहणाऱ्यानं स्थिर राहावं, निदान चित्रपट प्रदर्शित होईपर्यंत तरी राहावं, ही जबाबदारी कोणीतरी घ्यायलाच हवी होती. आमच्या कुन्नंपाडम गावात ती जनकीय वाचनालय व फिल्म सोसायटीनं घेतली. मी तिचा सेक्रेटरी. एकतीस वर्षं आहे. दर दोन वर्षांनी निवडणूक होते आणि दर वेळी मी नको नको म्हणतो (इतिवृत्तात तशी नोंद आहे).

सोसायटीनं आजवर चारशे बारा कार्यक्रम केले. त्यांपैकी चारशे पाच वेळा चित्रपट आणि त्यावर चर्चा, असं दोन्ही झालं. उरलेल्या सात वेळा यंत्र बिघडल्यामुळे नुसतीच चर्चा झाली. ती सात चर्चासत्रं जास्त सखोल झाली, असं जुने सभासद अजूनही सांगतात.

कार्यक्रमाची रीत ठरलेली आहे. स्वागत, अध्यक्षीय भाषण, समई पेटवून उद्घाटन (समईला वाती पाच आणि पाहुणे नेहमी सहा, सहावा पाहुणा पेटलेलीच वात पुन्हा पेटवतो आणि टाळ्या त्यालाही मिळतात), मुख्य व्याख्यान, मग शुभेच्छांची भाषणं, कमीत कमी सहा आणि जास्तीत जास्त अकरा, आणि शेवटी आभार. या सगळ्यांची नावं असलेली नोटीस आठ दिवस आधी छापली जाते. आमच्याकडे माणसाची किंमत जमिनीवरून किंवा पगारावरून ठरत नाही. नोटिशीत नाव आहे की नाही, आणि कितव्या ओळीत आहे, यावरून ठरते. शोकसभेच्या नोटिशीतून नाव गळलं म्हणून मयताशी अबोला धरणारी माणसं मी पाहिली आहेत.

आता त्या दोन भावांकडे येतो. बस थांब्याजवळ वेलुक्कुट्टी आणि कुमारन यांचं चहाचं दुकान होतं. थोरला वेलुक्कुट्टी पुट्टू करायचा, म्हणजे तांदळाच्या पिठाची आणि खोबऱ्याची वाफवलेली जाडजूड नळी. धाकटा कुमारन कडला करायचा, म्हणजे तिच्यावर ओतायची काळ्या हरभऱ्याची झणझणीत उसळ. ही जोडी आमच्याकडे नवराबायकोच्या जोडीपेक्षा भरवशाची मानतात. एकोणीस वर्षांपूर्वी सोसायटीच्या बाराव्या वर्धापनदिनाची नोटीस निघाली. शुभेच्छा देणाऱ्यांत वेलुक्कुट्टीचं नाव होतं, कुमारनचं नव्हतं. कुमारनला वाटलं, थोरल्यानंच काढायला लावलं. थोरल्याला वाटलं, ज्याला असं वाटू शकतं तो भाऊ कसला. (नाव जागेअभावी गळलं होतं. छापखान्यात ते मीच गाळलं. हे जाहीर करण्याचा विषय त्या वेळी कार्यक्रमपत्रिकेवर नव्हता आणि नंतरही तो घ्यावा अशी सूचना कोणाकडून आली नाही.)

कुमारन आपली कढई उचलून रस्त्याच्या पलीकडे गेला. त्याचं घर त्याच बाजूला होतं, घरापुढेच त्यानं दुकान मांडलं. तेव्हापासून कुन्नंपाडममध्ये पुट्टू रस्त्याच्या अलीकडे आणि कडला पलीकडे. माणूस केळीच्या पानावर पुट्टू घेतो, दोन्हीकडे बघतो, ओट्टप्पालमची बस जाऊ देतो, रस्ता ओलांडतो आणि समोर जाऊन वर कडला ओतून घेतो. एकोणीस वर्षांत चार पुट्टू बसखाली गेले (जीवितहानी नाही). थोरल्यानं स्वतः कडला करून पाहावी असं त्याच्या बायकोनं, तंकमणीनं, एकदा सुचवलं. "ती कुमारनची आहे," एवढंच तो म्हणाला. पलीकडे कोणी नवखं गिऱ्हाईक पुट्टू मागू लागलं की कुमारन म्हणायचा, "पुट्टू समोर मिळतो." भावाचा उल्लेख तो तेवढाच करायचा.

दोन वर्षांपूर्वी कोचीहून जेबिन कुर्याकोस नावाचा एक तरुण दिग्दर्शक आमच्या सोसायटीत व्याख्यानाला आला. त्यानं तोवर दोन लघुपट केले होते आणि दोन्हींत कोणी काही बोलत नव्हतं. सकाळी तो पुट्टू घेऊन निघाला आणि रस्त्याच्या मधोमध थबकला. बसनं हॉर्न दिला तरी हलेना. "हे विलक्षण आहे," असं तो पहिल्या दोन घासांत चार वेळा म्हणाला. मग उलट रस्ता ओलांडून तो थोरल्यापाशी आला (आमच्याकडे दादाला चेट्टा म्हणतात, किंवा नुसतं एट्टा).

"चेट्टा, इतकी वर्षं बोलला नाहीत. एकदाही बोलावंसं वाटलं नाही?"

"वाटतं ना. रोज पहाटे साडेपाचला वाटतं. मग गिऱ्हाईक येतं."

जेबिननं हे वहीत उतरवलं. चित्रपटात मात्र ते वाक्य आलं नाही, कारण ते लिहिल्यासारखं वाटत होतं.

अशा रीतीनं आमच्या गावावर वास्तववादी चित्रपट काढायचं ठरलं. वास्तववादाला फार मेहनत लागते, हे आम्हाला तेव्हा कळलं. गावातल्या दोनशे सोळा घरांपैकी एकशे ऐंशी घरं आखाताच्या कमाईवर बांधलेली, पोपटी आणि जांभळ्या रंगांची. ती खोटी दिसतात म्हणून वगळण्यात आली. "पण मी यात राहतो," असं एका घरमालकानं सांगून पाहिलं. त्याला समजुतीनं घरात पाठवण्यात आलं. कौलारू अशी तीनच घरं निघाली. त्यांनी आळीपाळीनं अकरा कुटुंबांची घरं म्हणून काम केलं. वेलुक्कुट्टीच्या दुकानाला मागच्याच ओणमला चुना दिला होता. तो खरवडून भिंतीवर काजळी चढवण्यात आली. काजळी कोचीहून आणली.

वेलुक्कुट्टीच्या भूमिकेसाठी निवड चाचणी झाली. स्वतः वेलुक्कुट्टीही त्यात उतरला. त्यानं चाळीस वर्षं ओततो तसा हातभर उंचीवरून चहा ओतला. परीक्षकांनी विचारविनिमय करून निर्णय दिला की, हालचाल जरा अतिरंजित आहे. कोचीहून एक नट आला. तो अकरा दिवस दुकानात राहिला, सतरा ग्लास फोडले आणि बाराव्या दिवशी हुबेहूब वेलुक्कुट्टी झाला. गिऱ्हाइकं त्यालाच पैसे देऊ लागली. तंकमणी म्हणाली, "असू दे. हा निदान भांडी घासतो."

गावातल्या चौऱ्याहत्तर जणांना कामं मिळाली. सगळे गावकरीच झाले होते. सोसायटीच्या सभासदांनी तर चालण्याचा सराव सुरू केला, कारण चालणं नैसर्गिक असावं असं दिग्दर्शकाचं म्हणणं होतं. माझंही एक काम होतं. वर्तमानपत्र वाचताना मला मान वर करायची होती. ती मी आठव्या खेपेला बरोबर केली.

सगळं सुरळीत चाललं होतं आणि इथे समाज हलला. कुमारनची मुलगी अंबिली हिचं लग्न ठरलं. भांडण झालं तेव्हा ती सहा वर्षांची होती आणि तिचा सगळा दिवस थोरल्याच्या गल्ल्याशेजारच्या स्टुलावर जायचा. आता ती वीज कार्यालयात होती. एका सकाळी रस्ता ओलांडून तिनं पत्रिका थोरल्या काकापुढे ठेवली.

"वल्यच्चा, यायचं."

"अच्छननं पाठवलं?" त्यानं तिच्या बापाबद्दल विचारलं.

"अच्छननं पत्रिका मोजल्या आणि म्हणाले, एक जास्त आहे. बाकी काही म्हणाले नाहीत."

वेलुक्कुट्टीनं पत्रिका तीनदा वाचली. मग माझ्यासाठी चहा घेऊन आला आणि उभ्या उभ्या म्हणाला (गाव मला माष, म्हणजे मास्तर, म्हणतं), "माष, मी उद्या समोर जातो. एकोणीस वर्षं झाली, पुरे झालं. पोरीचा हात देताना थोरला काका शेजारी नको का?"

माणूस म्हणून मला बरं वाटलं. सेक्रेटरी म्हणून पायाखालची वाळू सरकली. चित्रण तीन-चतुर्थांश झालं होतं आणि मुख्य म्हणजे शेवट अजून व्हायचा होता. मी तातडीची सभा बोलावली. गणसंख्या अकराची, हजर त्रेसष्ट. एवढी उपस्थिती सोसायटीच्या इतिहासात चित्रपटालाही कधी लाभली नव्हती.

जेबिननं वेलुक्कुट्टीपुढे हात जोडून विषय मांडला. "चेट्टा, शेवट उघडा आहे. दोघं भाऊ रस्त्याच्या दोन बाजूंना उभे. मधून बस जाते. बस गेली, आणि... संपलं."

"बस गेल्यावर काय होतं?"

"ते प्रेक्षकानं ठरवायचं."

"का? प्रेक्षकाचा भाऊ आहे का तो?"

यावर उपाध्यक्ष अच्युतन उभे राहिले. ते तलाठी कचेरीतून निवृत्त झालेले, त्यामुळे त्यांना कोणत्याही आनंदातली कायदेशीर अडचण आधी दिसते. ते म्हणाले, "सुरुवातीला 'सत्य घटनेवर आधारित' अशी पाटी आहे. उद्या तुम्ही बोलायला लागलात तर ती पाटी खोटी ठरणार. मग गावानं तोंड कुठे लपवायचं?"

सुलोचना टीचरनी मुद्दा आणखी वर नेला. "वेलुएट्टा, भाऊ भेटले, गळ्यात पडले, रडले, हे सगळं आपल्या सिनेमात चाळीस वर्षांपूर्वीच होऊन गेलं. आपण आता त्याच्या पुढे आलोय."

"टीचर, चाळीस वर्षांपूर्वी आमचं भांडण नव्हतं."

चर्चा चार तास चालली. केळ्याची भजी दोनदा आली. अखेर पुढील ठराव मंजूर झाला: 'सदर चित्रपट प्रदर्शित होऊन त्यावरील पहिले चर्चासत्र पार पडेपर्यंत उभय बंधूंनी परस्परांशी बोलू नये, हसू नये व सहेतुक पाहू नये. नैसर्गिक आपत्तीत यास अपवाद राहील.' बाजूनं एकसष्ट, विरुद्ध एक, तटस्थ एक. विरुद्ध वेलुक्कुट्टी. तटस्थ मी, कारण सेक्रेटरीला तसं राहावं लागतं.

ठरावाची प्रत घेऊन ग्रंथपाल रमणी पलीकडे गेली. कुमारननं ती सावकाश वाचली, तिची घडी घातली आणि डुगडुगणाऱ्या बाकाच्या पायाखाली सरकवली. मग विचारलं, "थोरल्यानं मत कुठे दिलं?"

"विरुद्ध."

रमणीच्या डब्यात त्यानं दोन पळ्या कडला जास्त घातली, असं तिनं तोंडी अहवालात सांगितलं.

वेलुक्कुट्टीनं ठराव मानला. गावाच्या चौऱ्याहत्तर माणसांचा हिरमोड करणं त्याच्या जिवावर आलं, आणि जेबिनबद्दलही त्याला माया वाटू लागली होती. "पोराचा पहिला मोठा सिनेमा आहे. जूनमध्ये लागेल म्हणतो. लग्न ओणमच्या तोंडावर आहे. थांबतो दोन महिने," असं तो तंकमणीला म्हणाला. तंकमणी म्हणाली, "एकोणीस वर्षं भांडणासाठी थांबलात, आता सिनेमासाठी थांबा. माझ्यासाठी कधी पाच मिनिटं थांबला नाहीत."

जूनमध्ये चित्रपट लागला नाही. आधी संगीत राहिलं. मग, संगीत फार ऐकू येतं म्हणून ते काढण्यात वेळ गेला. मग मोठमोठ्या नटांचे चित्रपट वाट अडवून बसले. शेवटी तारीख मिळाली ती ओणमच्या आधीच्या गुरुवारची, ओट्टप्पालमच्या थिएटरात, सकाळी साडेदहाचा पहिला खेळ. अंबिलीचा मुहूर्त त्याच गुरुवारी दहा वाजून पन्नास मिनिटांचा.

गावापुढे धर्मसंकट उभं राहिलं, असं म्हणता येणार नाही. लग्नं काय, घरोघरी होतात. आपल्यावर चित्रपट एकदाच निघतो. तीन बस ठरवल्या. प्रत्येकानं कुमारनकडे निरोप ठेवला की, जेवायला नक्की येतो. जेवणाबद्दल गावाची निष्ठा कधीच संशयास्पद नव्हती.

त्या सकाळी वेलुक्कुट्टी पांढरंशुभ्र मुंडू नेसून थांब्यावर आला. थिएटरात त्याची जागा पहिल्या रांगेत, त्या नटाच्या शेजारी होती. रस्त्यापलीकडे, कुमारनच्या दुकानामागच्या अंगणात मांडव दिसत होता. नादस्वर सुरू झालं होतं. मी बसचं दार धरून उभा होतो.

"माष, ठराव कुठवर आहे?"

"चर्चासत्र संपेपर्यंत. संध्याकाळी पाच."

"मुहूर्त दहा-पन्नासला आहे."

"वेलुक्कुट्टी, नियम सगळ्यांना सारखा."

त्यानं माझ्याकडे बघितलं. आवाज जराही न चढवता म्हणाला, "तुमच्या नोटिशीत जागा कमी पडते, माष. मांडवात भरपूर आहे."

छापखान्यातलं ते त्याला केव्हापासून माहीत होतं, कोण जाणे. कदाचित पहिल्या दिवसापासून असेल. मी काहीतरी बोलायला हवं होतं. ड्रायव्हरनं हॉर्न दिला, मागून कोणीतरी "माष, चढा ना," म्हणालं, आणि मी चढलो. खिडकीतून पाहिलं तेव्हा तो रस्त्याच्या कडेला उभा राहून दोन्हीकडे बघत होता. मग आमचीच बस मधे आली.

चित्रपट अप्रतिम आहे. माझी मान वर होते ते दृश्य विशेष जमलं आहे. शेवटी दोन भाऊ रस्त्याच्या दोन बाजूंना उभे राहतात, मधून बस जाते, आणि पडदा काळा होतो, तेव्हा थिएटरात एकही माणूस कोरड्या डोळ्यांचा नव्हता. सुलोचना टीचरना बाहेर आणून पाणी पाजावं लागलं. चर्चासत्र पाचला होतं, पण भावना अनावर झाल्यानं ते तिथेच, गाड्या लावायच्या जागेत उरकण्यात आलं. नऊ जणांनी शुभेच्छा दिल्या. आपल्या समाजातला दुरावा इतक्या प्रामाणिकपणे क्वचितच दाखवला गेला आहे, असं नऊही जण म्हणाले. अच्युतन यांनी तर आपल्या सख्ख्या बहिणीचं उदाहरण दिलं. तिच्याशी ते बावीस वर्षं बोललेले नाहीत आणि ती थिएटरपासून दोन गल्ल्यांवर राहते.

मांडवातल्या भेटीचं वर्णन मला देता येत नाही, कारण सोसायटीचा एकही सभासद तिथे नव्हता. वधूपक्षाकडून हजर माणसं अकरा, आणि त्यांत नादस्वरवाले दोन, आचारी तीन आणि फोटोवाला एक. नादस्वरवाल्या परमेश्वरनला मी नंतर खोदून खोदून विचारलं. तो म्हणाला, "विशेष काही नाही हो. थोरला आला. धाकटा सांबाराच्या कढईपाशी होता. म्हणाला, एट्टा, मीठ बघ. थोरल्यानं हातावर घेऊन बघितलं. म्हणाला, थोडं हवं. मग दोघं पोरीकडे गेले."

"रडले का?"

"धूर होता. कळलं नाही."

फोटोवाल्यानं तो क्षण टिपला नाही. तो त्या वेळी नारळाच्या झावळ्यांची कमान टिपत होता.

आम्ही दोनच्या सुमारास परतलो, भुकेनं कासावीस होऊन. चारशे माणसांचं जेवण तयार होतं. पंगत बसली. थोरला भात वाढत होता, धाकटा मागून सांबार. माझ्या पानाशी दोघं आले, भात पडला, सांबार पडलं, आणि दोघंही एकाच सुरात म्हणाले, "माष, पोटभर जेवा." मला लाज वाटली. इतिवृत्तात ती नाही, म्हणून इथे लिहून ठेवतो. सांबार उत्तम झालं होतं.

आता पुट्टू आणि कडला पुन्हा एकाच दुकानात मिळतात. त्यामुळे गावाची थोडी पंचाईत झाली आहे. चित्रपट पाहून लांबलांबून लोक येतात, हातात पुट्टू घेऊन रस्ता ओलांडायची त्यांची फार इच्छा असते, आणि दोन म्हातारे भाऊ एकाच चुलीपाशी साखरेवरून कटकट करताना पाहून त्यांचा विरस होतो. वाचनालयाच्या सूचनावहीत 'प्रत्यक्ष ठिकाण चित्रपटाइतकं खरं वाटत नाही' असा शेरा बत्तीस वेळा आला आहे. निदान शनिवार-रविवार दहा ते पाच भावांनी वेगळं बसावं, अशी विनंती आम्ही केली. कुमारन म्हणाला, "कढई जड आहे, माष."

शेवटी सोसायटीनं केलेल्या पाहणीचा निष्कर्ष देतो. पहिल्या खेळाच्या तीनशे सहा प्रेक्षकांना तीन प्रश्नांचा एक कागद देण्यात आला होता. पहिला प्रश्न, तुम्हाला गहिवरून आलं का? हो, तीनशे सहा. दुसरा, तुमचं रक्ताच्या कोणाशी बोलणं बंद आहे का? हो, एकशे अठरा. तिसरा, चित्रपट पाहिल्यावर त्या व्यक्तीशी बोललात का? एकशे अठरापैकी एकशे अठरा जणांनी ही जागा कोरी सोडली. काहींनी समासात 'चित्रपट पुन्हा पाहणार' असं लिहिलं.

हाच कागद आता या गोष्टीच्या वाचकांसाठीही लागू करण्यात येत आहे. सांबाराच्या कढईपाशी पहिल्या प्रश्नाचं उत्तर तुम्ही देऊन टाकलंत. दुसऱ्या प्रश्नाला तुमच्या मनात एक नाव आलं आहे आणि तो नंबर तुमच्याकडे आहे. तिसरी जागा कोरी सोडलीत तरी हरकत नाही. सोसायटीच्या सभासदत्वाला तेवढी पात्रता पुरते, आणि पुढच्या नोटिशीत तुमच्या नावासाठी मी जागा करून ठेवली आहे.